बेरीज तिप्पट होते, वजाबाकी तशीच राहते

तुझा प्रश्न थोडक्यात असा: इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षी एम-वनला, म्हणजे गणिताच्या पहिल्या पेपरला, आयगेन व्हॅल्यूचं गणित पूर्ण गुण मिळवून सोडवलंस. लॅम्डा, म्हणजे ती व्हॅल्यू, काढता येतो, व्हेक्टरही काढता येतो. पण आता डेटा सायन्सच्या तासाला सर 'आयगेनव्हेक्टरच्या दिशेने बघा' म्हणाले, तेव्हा डोळ्यांपुढे काहीच आलं नाही. म्हणून विचारतोस, की पुन्हा पहिल्यापासून शिकायचं तर सुरुवात कुठून करू आणि पुस्तक कोणतं घेऊ?

पुस्तक तूर्त नको. अप्पा बळवंत चौकात जाणारच असशील तर आलेख कागदांची वही घेऊन ये. मी गेली २२ वर्षं चाकणला गाड्यांच्या कंपनांवर काम करते, म्हणजे पोटापाण्यासाठी रोज आयगेन व्हॅल्यूच काढते. शनिवारी कोथरूडला माझ्या घरी तुझ्या वयाची पाच-सहा मुलंही येतात. त्यांची अडचण बहुतेक वेळा तुझीच असते. त्यांची सुरुवात डिटरमिनंटपासून झालेली असते. 'ए वजा लॅम्डा आय, त्याचा डिटरमिनंट शून्य' ही शोधायची रीत झाली. शोधायचं काय होतं, हे मात्र राहूनच गेलेलं असतं.

तेव्हा रीत बाजूला ठेव आणि हे कर. एक मॅट्रिक्स घे: पहिली ओळ २, १ आणि दुसरी ओळ १, २. आता (१, ०) हा व्हेक्टर घेऊन तिने गुण. उत्तर येईल (२, १). त्याला पुन्हा गुण: (५, ४). पुन्हा: (१४, १३). पुन्हा: (४१, ४०). प्रत्येक बिंदू आलेख कागदावर मांड, निदान पहिले तीन तरी. सुरुवातीचा बिंदू आडव्या अक्षावर आहे, पुढचा थोडा वर चढलेला, त्यापुढचा आणखी वर. तिसऱ्या-चौथ्या गुणाकारापर्यंत शून्यापासून बिंदूपर्यंत काढलेला बाण जवळजवळ ४५ अंशांत उभा राहतो आणि पुढे वळायचं सोडून नुसता लांब होत जातो. किती लांब? ४१ भागिले १४ कर, २.९३ येतं. त्यापुढचा बिंदू (१२२, १२१), आणि १२२ भागिले ४१ म्हणजे २.९८. तीनाकडे चाललंय.

आता याच बिंदूंखाली दोन ओळी लिही. एकीत दोन्ही आकड्यांची बेरीज, दुसरीत वजाबाकी. बेरीज येते १, ३, ९, २७, ८१, २४३. वजाबाकी येते १, १, १, १, १, १.

इथे घाई करू नकोस, कारण सगळा विषय या दोन ओळींत आहे. मॅट्रिक्सने दोन आकडे एकमेकांत गुंतवून टाकले होते. नवा पहिला आकडा जुन्या दोघांवर अवलंबून, नवा दुसराही जुन्या दोघांवर. पण बेरीज आणि वजाबाकीच्या नजरेने पाहिलं की गुंता उरतच नाही. बेरजेला वजाबाकीशी देणंघेणं नाही, ती आपली तिप्पट होत जाते. वजाबाकीला बेरजेशी देणंघेणं नाही, ती आहे तशी राहते. ३ आणि १ या आपल्या मॅट्रिक्सच्या आयगेन व्हॅल्यू. (१, १) आणि (१, −१) हे तिचे आयगेनव्हेक्टर. परीक्षेत 'डायगोनलाइझ करा' म्हणतात ते इतकंच आहे. गुंतलेल्या आकड्यांकडे बघायची अशी जागा शोधायची, की तिथून प्रत्येक आकडा आपापला एकटा चालेल.

बाण (१, १) कडेच का वळला, हेही आता दिसतं. (१, ०) मध्ये दोन्ही दिशांचा सारखाच वाटा होता. एक वाटा दर खेपेला तिप्पट झाला, दुसरा होता तेवढाच राहिला. पाच गुणाकारांनंतर २४३ विरुद्ध १. मोठी आयगेन व्हॅल्यू जिंकते. ती किती लवकर जिंकते हे दोघींच्या गुणोत्तरावर ठरतं, आणि इथे ते तीनास एक आहे.

'आयगेन' हा जर्मन शब्द आहे, अर्थ 'स्वतःचा'. गणितात तो रूढ झाला डाव्हिड हिल्बर्ट यांच्या १९०४ च्या लेखनापासून. शिकवताना मी मराठीत सरळ 'स्वभाव' म्हणते. मॅट्रिक्सला कोणताही व्हेक्टर दे, ती त्याला वळवते, ताणते. काही मोजक्या दिशांना मात्र ती वळवत नाही, फक्त लहानमोठं करते. त्या दिशा आणि ते प्रमाण हा तिचा स्वभाव.

हे हाताने अनुभवायचं असेल तर घरी पोळ्या चालू असताना एक लाटी मागून घे. जरा चपटी करून सुरीच्या टोकाने तिच्यावर चार रेघा ओढ: एक उभी, एक आडवी, दोन तिरक्या. मग लाटणं फक्त उभ्या दिशेने फिरव. उभी रेघ लांबते, पण उभीच राहते. आडवी आडवीच राहते. तिरक्या दोन्ही रेघा उभीकडे कलतात. लाटण्याच्या या क्रियेचे आयगेनव्हेक्टर म्हणजे पहिल्या दोन रेघा. आता लाटायचं सोडून पोळी पोळपाटावर नुसती पाव फेरा फिरव. एकही रेघ मूळ दिशेत उरत नाही. अशा मॅट्रिक्सच्या आयगेन व्हॅल्यू काढायला गेलास तर अधिक आय आणि उणे आय येतात. वर्गात हे 'कॉम्प्लेक्स आलं' म्हणून सोडून देतात. खरं म्हणजे मॅट्रिक्स सांगत असते, की माझ्यात फिरणं आहे, सरळ दिशा कुठून देऊ?

आता डिटरमिनंटकडे ये. दहावीत क्रेमरच्या पद्धतीत ज्याला निश्चयक म्हणत होतास तोच हा. तो सांगतो, की मॅट्रिक्सने कागदावरच्या चौकोनाचं क्षेत्रफळ किती पट केलं. आपल्या मॅट्रिक्सचा निश्चयक ३ आहे. एक चौरस सेंटीमीटरचा चौकोन तिरपा होऊन तीन चौरस सेंटीमीटरचा होतो. मोजून बघ, आलेख कागद त्यासाठीच आणायला सांगितला. समजा, आपल्याला संशय आहे की ३ ही आयगेन व्हॅल्यू आहे. म्हणजे अशी एक दिशा असली पाहिजे, जिच्यावर मॅट्रिक्सचं काम आणि नुसतं तिप्पट करणं यांत फरकच नाही. तो फरक काढू या. कर्णावरच्या दोन्ही आकड्यांतून ३ वजा कर. उरतं: पहिली ओळ −१, १, दुसरी ओळ १, −१. ही मॅट्रिक्स (१, १) ला शून्यावर नेते आणि अख्खा कागद एका रेघेवर चपटा करते. चपट्याचं क्षेत्रफळ शून्य, म्हणून निश्चयक शून्य. कोणतं लॅम्डा वजा केल्यावर कागद चपटा होतो, एवढंच ते समीकरण विचारतं.

परीक्षेपुरत्या दोन गोष्टी. आयगेन व्हॅल्यूंची बेरीज कर्णावरच्या आकड्यांच्या बेरजेइतकी आणि त्यांचा गुणाकार निश्चयकाइतका यायलाच हवा. पेपर देण्याआधी हा ताळा घ्यायला अर्धा मिनिट पुरतो. दुसरी गोष्ट म्हणजे एक चूक, ती मी दर वर्षी बघते. रँकच्या धड्यात रो ऑपरेशन शिकलेली मुलं, मॅट्रिक्स आधी सोपी करून घ्यावी म्हणून त्याच रीतीने ओळी वजा करतात आणि मग कर्णावरून आयगेन व्हॅल्यू वाचतात. आपल्याच मॅट्रिक्समध्ये दुसऱ्या ओळीतून पहिलीची निम्मी वजा केली, तर कर्णावर २ आणि १.५ राहतात. गुणाकार अजूनही ३ आहे, पण बेरीज ४ ची ३.५ झाली. रो ऑपरेशनने समीकरणांची उत्तरं शाबूत राहतात, स्वभाव शाबूत राहत नाही. आणि हो, उत्तरात (१, −१) छापलंय आणि तुझं (−१, १) आलं किंवा संगणकाने (०.७०७, −०.७०७) दिलं, तर घाबरू नकोस. ती एकच दिशा आहे.

आता माझ्या कामातली गोष्ट सांगते, कारण व्हेक्टर किती महत्त्वाचा आहे हे मला परीक्षेने शिकवलं नाही, तिने शिकवलं.

नोकरीला दोन वर्षं झाली होती. नव्या गाडीचा नमुना तयार होता आणि इंजिन आयडलला असताना स्टिअरिंग थरथरत होतं. चार सिलिंडरचं, फोर-स्ट्रोक इंजिन, मिनिटाला ८०० फेरे. अशा इंजिनात दर फेऱ्याला दोन स्फोट होतात, म्हणजे सेकंदाला २६.७ धक्के. मी मॉडेल चालवलं. स्टिअरिंग कॉलमची पहिली नॅचरल फ्रीक्वेन्सी, म्हणजे तो आपसूक ज्या लयीत थरथरतो ती, २७ हर्ट्झ आली. हातोडीने ठोकून कंपन मोजतात त्या हॅमर टेस्टलाही तेवढीच. झोपाळ्याला त्याच्याच लयीत धक्के बसत होते, तर तो चढणारच. मी बैठकीत २७ हा आकडा सांगितला आणि खूश झाले. साहेबांनी विचारलं, "मग जाड कुठे करायचं?" मला सांगता आलं नाही. मी आयगेन व्हॅल्यू वाचली होती, व्हेक्टर उघडूनही बघितला नव्हता.

त्यानंतर दोन आठवडे अंदाजाने काम चाललं. कुणी चाकाजवळ पट्टी वाढवली, तर फ्रीक्वेन्सी उलट खाली गेली. शेवटी मी मोड शेप, म्हणजे आयगेनव्हेक्टर, पडद्यावर हलवून बघितला. स्टिअरिंगचं चाक सगळ्यात जास्त हलत होतं, पण कॉलम स्वतः सरळच राहत होता. वाकत होतं ते डॅशबोर्डमागच्या आडव्या बीमला कॉलम जिथे जोडलाय तिथलं ब्रॅकेट. जिथे हालचाल जास्त, तिथलं वजन महाग पडतं, म्हणून चाकाजवळ घातलेल्या पट्टीने नुकसान केलं. जिथे वाकणं जास्त, तिथली ताठरता कामाला येते. आम्हाला फ्रीक्वेन्सी ३६ वर न्यायची होती. आयगेन व्हॅल्यू ही फ्रीक्वेन्सीच्या वर्गाच्या प्रमाणात असते, त्यामुळे ३६ भागिले २७ चा वर्ग, म्हणजे ताठरता सुमारे १.७८ पट हवी. ब्रॅकेटचा आकार बदलून तेवढी मिळाली. आकड्याने 'काय होतंय' सांगितलं होतं, व्हेक्टरने 'कुठे' सांगितलं.

हीच गोष्ट तू सवाई गंधर्व महोत्सवाला बसून ऐकली असशील, फक्त तिला या नावाने ओळखलं नसशील. साधा ताणलेला गोल पडदा वाजवला तर त्याच्या फ्रीक्वेन्सींचं प्रमाण १, १.५९, २.१४, २.३० असं काहीतरी वेडंवाकडं येतं. म्हणून बहुतेक ढोलांना नाद असतो, पण ठाम सूर नसतो. तबल्याला सूर असतो तो शाईमुळे, म्हणजे मधल्या काळ्या लेपामुळे. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी यावर १९२० साली 'नेचर'मध्ये लिहिलं आणि १९३४ मध्ये पुन्हा सविस्तर. मृदंग-तबल्यात या फ्रीक्वेन्सी जवळजवळ १, २, ३, ४, ५ अशा पटींत बसतात. का, ते आता तुला सांगता येईल. पहिल्या मोडमध्ये, म्हणजे हलण्याच्या पहिल्या तऱ्हेत, पडद्याचा मध्य सगळ्यात जास्त हलतो, म्हणून मध्यावरची शाई त्या मोडला चांगलंच खाली ओढते. दुसऱ्या मोडमध्ये पडद्याचा अर्धा भाग वर आणि अर्धा खाली जातो, मध्य जवळपास स्थिर. त्याला शाईचं ओझं फारसं जाणवत नाही. पहिला खाली आला, दुसरा जवळपास तिथेच राहिला, आणि १.५९ चं प्रमाण २ कडे सरकलं. शाईचे थर घोटून घोटून चढवणाऱ्या कारागिरांनी हे मॅट्रिक्सशिवाय, कानाने साधलं. मला त्यांच्याविषयी फार आदर वाटतो.

डेटा सायन्ससाठी तुला लागणारी मॅट्रिक्सही माझ्या कामातल्यासारखीच सममित असते, म्हणजे कर्णाच्या दोन्ही बाजूंना आरशासारखी. माझ्याकडे ती तशी असते, कारण इथे ढकलल्यावर तिथे जेवढं हलतं, तिथे तेवढंच ढकलल्यावर इथे तेवढंच हलतं. तुझ्याकडे असते, कारण उंचीचा वजनाशी जेवढा संबंध, तेवढाच वजनाचा उंचीशी. सममित मॅट्रिक्सच्या आयगेन व्हॅल्यू नेहमी खऱ्या संख्या असतात. कोशी यांनी हे १८२९ मध्ये दाखवलं. तिच्या दिशाही एकमेकींशी काटकोनात निवडता येतात. तुझ्या डेटातल्या बिंदूंचा ढग ज्या दिशेने सगळ्यात लांब पसरलाय ती मोठ्या आयगेन व्हॅल्यूची दिशा. सर त्याच दिशेने बघायला सांगत होते.

संगणकाबद्दल थोडं. लॅम्डाचं बहुपदी समीकरण मांडून मुळं काढणं दोन-तीन ओळींच्या मॅट्रिक्सपर्यंतच ठीक आहे. पाचव्या आणि त्यावरच्या घातासाठी वर्गसमीकरणासारखं सर्वसाधारण सूत्र असूच शकत नाही, हे आबेल यांनी १८२४ मध्ये सिद्ध केलं. शिवाय बहुपदी फार नाजूक असते. जेम्स विल्किन्सन यांचं प्रसिद्ध उदाहरण आहे: १ ते २० ही मुळं असलेली बहुपदी घ्या, तिच्यातल्या २१० या एका सहगुणकात एककाच्या सुमारे दहा कोटीत बारा भागांइतका बदल करा, आणि वीसपैकी दहा मुळं कॉम्प्लेक्स होतात. म्हणून खरी सॉफ्टवेअरं त्या वाटेला जात नाहीत. छोट्या मॅट्रिक्ससाठी ती वापरतात क्यूआर पद्धत. ती इंग्लंडमध्ये जॉन फ्रान्सिस आणि सोव्हिएत संघात व्हेरा कुब्लानोव्स्काया यांनी १९६१ च्या सुमारास स्वतंत्रपणे मांडली. माझ्याकडे गाडीच्या बॉडीच्या मॉडेलमध्ये दहा-दहा लाखांहून जास्त अज्ञातं असतात आणि हव्या असतात फक्त खालच्या काही डझन फ्रीक्वेन्सी. तिथे कॉर्नेलियस लँक्झॉस यांची १९५० ची पद्धत चालते. आणि दोन्ही पद्धतींच्या पोटात शिरून बघितलंस, तर तू आलेख कागदावर केलास तोच प्रकार सापडेल: पुन्हा पुन्हा गुणायचं आणि काय टिकतंय ते बघायचं. पायथनमधलं नमपाय वापरणार असशील तर सममित मॅट्रिक्ससाठीचं, नावाच्या शेवटी 'एच' असलेलं फंक्शन वापर. ते आयगेन व्हॅल्यू लहानाकडून मोठीकडे क्रमाने देतं. साधं फंक्शन क्रमाची हमी देत नाही, आणि पहिलीच सगळ्यात मोठी असेल असं धरून चालल्यामुळे चुकलेले प्रोजेक्ट मी पाहिलेत.

आता सरावाला दोन गणितं.

पहिलं मात्रावृत्तातलं. लघूची एक मात्रा, गुरूच्या दोन. सहा मात्रांची ओळ लघु-गुरूंनी किती प्रकारे भरता येईल? एका मात्रेपासून मोजत गेलास तर १, २, ३, ५, ८, १३ असे प्रकार मिळतील. ओळ लघूने संपली तर आधीच्या एक मात्रा कमी असलेल्या ओळी, गुरूने संपली तर दोन कमी असलेल्या. म्हणून प्रत्येक आकडा मागच्या दोहोंची बेरीज. आपल्या छंदःशास्त्रात ही मोजणी हेमचंद्रांनी बाराव्या शतकात, फिबोनाचीच्या १२०२ च्या ग्रंथाआधी दिली आहे. हिची मॅट्रिक्स म्हणजे पहिली ओळ १, १ आणि दुसरी १, ०. लागोपाठच्या आकड्यांची गुणोत्तरं काढ: २, १.५, १.६६७, १.६, १.६२५. ती १.६१८ च्या एकदा वर, एकदा खाली उड्या मारत जवळ जातात. आपल्या पहिल्या मॅट्रिक्समध्ये बाण एकाच बाजूने शांतपणे सरकत होता, मग इथे उड्या का? दुसरी आयगेन व्हॅल्यू काढ, तिचं चिन्ह बघ, आणि कारण स्वतःच्या शब्दांत लिही.

दुसरं कंपनांचं. दोन भिंतींमध्ये तीन सारखे डबे एका रांगेत ठेव. भिंत आणि डबा, डबा आणि डबा यांच्यात सारख्याच स्प्रिंग, म्हणजे एकूण चार. मॅट्रिक्सच्या ओळी २, −१, ०. मग −१, २, −१. मग ०, −१, २. आयगेन व्हॅल्यू येतील ०.५८६, २ आणि ३.४१४, ताळा घेऊन बघ, बेरीज ६ आहे. पण या वेळी आकड्यांवर थांबू नकोस. तिन्ही व्हेक्टर काढ, आणि प्रत्येकात कोणता डबा कुठे जातो ते बाणांनी काढून दाखव. मधल्या व्हेक्टरमध्ये मधला डबा जागचा हलत नाही. तो का हलत नाही, आणि त्या डब्यात मी एक किलो वजन टाकलं तर तीनपैकी कोणती फ्रीक्वेन्सी बदलणार नाही, एवढं लिहून शनिवारी घेऊन ये.